मधल्या फळीतला कामगार

एमन डन्फी हे नाव घेतलं की आयर्लंडमध्ये आजही पहिल्यांदा आठवतो तो १७ जून १९९० चा टीव्हीवरचा प्रसंग. आयर्लंड पहिल्यांदाच विश्वचषकात खेळत होता. पालेर्मोच्या मैदानावर इजिप्तविरुद्धचा त्यांचा सामना ०-० असा रटाळ बरोबरीत सुटला. सगळा देश जल्लोषात असताना डब्लिनच्या स्टुडिओत समीक्षक म्हणून बसलेल्या डन्फीने स्वतःच्याच देशाच्या खेळाचे वाभाडे काढले आणि हातातलं पेन फेकून दिलं. त्या दिवसापासून तो काहींच्या लेखी देशद्रोही झाला आणि काहींच्या लेखी देशातला एकमेव खरं बोलणारा माणूस. पुढची अनेक वर्षं तो वर्तमानपत्रांत, रेडिओवर, टीव्हीवर भांडत राहिला. रॉय कीनच्या २००२ मधल्या आत्मचरित्राचं शब्दांकन त्यानेच केलं. १९८७ मध्ये यू-टू या संगीतसमूहाचं चरित्रही त्याने लिहिलं होतं.

प्रस्तुत पुस्तकाचा विषय त्याआधीचा डन्फी आहे. यॉर्क, मिलवॉल, चार्लटन आणि रेडिंग या चार इंग्लिश क्लबांतून तो १९६५ ते १९७७ अशी बारा वर्षं पोटासाठी फुटबॉल खेळला. या काळात तो दुसऱ्या, तिसऱ्या आणि चौथ्या विभागात खेळला. पहिल्या विभागाच्या लीगमध्ये त्याच्या नावावर एक मिनिटही नाही. अशा खेळाडूवर मराठीत पुस्तक कशासाठी, असा प्रश्न वाचकाला पडेल आणि तो रास्त आहे. या प्रस्तावनेचं काम त्याचं उत्तर देणं एवढंच.

आधी थोडी रचना समजून घेऊ. १९५८ पासून इंग्लिश लीगमध्ये चार विभाग आणि ९२ क्लब होते. पहिल्या दोन विभागांत २२-२२, खालच्या दोन विभागांत २४-२४. टीव्हीवर दिसणारा, परदेशात नाव कमावणारा फुटबॉल पहिल्या विभागातला. उरलेले ७० क्लब लहान शहरांचे, कारखान्यांच्या गावांचे, बंदरांच्या वस्त्यांचे. तिथेही खेळाडू पगारी होते, रोज सकाळी सराव करत होते, शनिवारी दुपारी सामना खेळत होते. संख्या पाहिली तर इंग्लंडचा व्यावसायिक फुटबॉल मुख्यतः या खालच्या मजल्यांवरच चालत होता. तरीही छापून आलेली खेळाडूंची चरित्रं जवळजवळ सगळी वरच्या मजल्यावरची. खालच्या मजल्याला आवाज मिळाला तो १९७६ मध्ये, डन्फीच्या ‘ओन्ली अ गेम?’ या रोजनिशीमुळे. त्या नावातलं प्रश्नचिन्ह विसरू नये.

डन्फीचा जन्म ३ ऑगस्ट १९४५ चा, डब्लिनचा. ड्रमकॉन्ड्रा भागात एका खोलीत कुटुंबाचा संसार. वीज नाही, गरम पाणी नाही. मुलगा अंगाने किरकोळ, पण चेंडू पायात आला की सुटत नसे. त्या काळी डब्लिनमध्ये मँचेस्टर युनायटेडचा शब्द मोठा होता. बिली बीहन नावाचा त्यांचा माणूस शहरातली मुलांची मैदानं पालथी घालायचा. त्याच शहरातल्या काब्रा भागातला लियाम व्हीलन युनायटेडच्या पहिल्या संघापर्यंत पोचला होता आणि ६ फेब्रुवारी १९५८ च्या म्युनिक विमान अपघातात गेला. त्यानंतर दोनच वर्षांनी, १९६० मध्ये, पंधरा वर्षांचा डन्फी त्याच वाटेने मँचेस्टरला गेला.

ही वाट एकट्या फुटबॉलपटूंची नव्हती. १९५० च्या दशकात आयर्लंडमधून लाखो माणसं काम शोधायला इंग्लंडला गेली. कुणी रस्त्यांच्या आणि इमारतींच्या कामावर, कुणी रुग्णालयांत परिचारिका म्हणून. कोकणातल्या घराघरांतून एक पोरगं मुंबईच्या गिरणीत जायचं आणि गाव त्याच्या मनीऑर्डरीकडे डोळे लावून बसायचं, त्यातलाच हा प्रकार. चेंडू बरा खेळणारं पोरगं असलं तर त्याची ‘गिरणी’ म्हणजे फुटबॉलचा क्लब, इतकाच फरक.

युनायटेडमध्ये मॅट बझबी म्युनिकनंतर नवा संघ उभा करत होते. १९६१ मध्ये बेलफास्टहून जॉर्ज बेस्ट नावाचा पंधरा वर्षांचाच मुलगा तिथे आला. तो पुढे काय झाला हे जगाला ठाऊक आहे. त्याच मैदानावर, त्याच प्रशिक्षकांच्या हाताखाली डन्फी पाच वर्षं होता. युवा संघ, राखीव संघ, सराव सगळं झालं. पहिल्या संघात मात्र एकदाही उतरला नाही. आयर्लंडच्या जॉनी जाइल्सला १९६३ मध्ये बझबींनी लीड्सला जाऊ दिलं आणि तो तिथे युरोपातल्या उत्तम खेळाडूंत गणला गेला. डन्फी १९६५ मध्ये बाहेर पडला तेव्हा त्याच्या वाट्याला आलं तिसऱ्या विभागातलं यॉर्क. एकाच शाळेतून बाहेर पडलेल्या या तिघांच्या वाटा पुढे कशा फुटल्या, हे पहिल्या दोन प्रकरणांत वाचायला मिळेल. बेस्ट आणि जाइल्स यांच्या गोष्टी सर्वांना माहीत आहेत, पण युनायटेडच्या फाटकातून आत गेलेल्या बहुसंख्य मुलांचं जे झालं ते डन्फीचं झालं. चाळणीतून खाली पडलेल्यांची गोष्ट चाळणीच्या मालकाला सांगावीशी वाटत नाही.

यॉर्कमध्ये असतानाच एक विलक्षण गोष्ट घडली. १९६६ च्या विश्वचषकासाठी आयर्लंड आणि स्पेन यांच्यात एक-एक विजय झाला होता. निर्णायक सामना १० नोव्हेंबर १९६५ रोजी पॅरिसच्या कोलोम्ब मैदानावर ठरला. तटस्थ ठिकाण म्हणून पॅरिस निवडलं होतं, पण पॅरिसमध्ये कामाला आलेल्या स्पॅनिश मजुरांनी मैदान भरून गेलं होतं. आयर्लंडच्या संघटनेने तिकिटांच्या पैशासाठी हे ठिकाण मान्य केलं, हा राग आयरिश लोकांच्या मनात अजून आहे. तिसऱ्या विभागात खेळणारा वीस वर्षांचा डन्फी त्या दिवशी देशासाठी पहिल्यांदा खेळला. आयर्लंड ०-१ असा हरला. विश्वचषकाला पोचायला त्या देशाला त्यानंतर पंचवीस वर्षं लागली.

डन्फी आयर्लंडसाठी एकूण २३ सामने खेळला, १९७१ पर्यंत. हा आकडा ऐकून कुणी म्हणेल, मग हा खालच्या मजल्यावरचा कसला? पण त्या काळातला आयर्लंडचा संघ कसा चालायचा ते पाहायला हवं. १९६९ मध्ये मिक मीगन येईपर्यंत संघ मॅनेजर निवडत नसे, संघटनेची निवड समिती निवडायची. खेळाडू इंग्लंडमधल्या क्लबांत विखुरलेले. शनिवारी क्लबचा सामना खेळायचा, आंबलेल्या अंगाने रात्रीची बोट पकडायची आणि रविवारी डॅलीमाउंट पार्कवर देशासाठी उतरायचं, असा त्यातल्या अनेकांचा शिरस्ता. १९६७ च्या नोव्हेंबरात प्रागमध्ये चेकोस्लोव्हाकियाला हरवल्यानंतर थेट १९७२ पर्यंत आयर्लंडला पात्रता फेरीचा एकही सामना जिंकता आला नाही. राष्ट्रीय संघातला डन्फी आणि क्लबमधला डन्फी यांची स्थिती म्हणजे फारशी वेगळी नव्हती. दोन्हीकडे कष्ट पुष्कळ, यश बेताचं आणि निर्णय घेणारे लोक मैदानाबाहेरचे.

या पुस्तकाचा गाभा मिलवॉल आहे. जानेवारी १९६६ मध्ये तो तिथे गेला आणि १९७३ पर्यंत राहिला. अडीचशेहून अधिक लीग सामने खेळला. मिलवॉल हा आग्नेय लंडनचा क्लब. १८८५ मध्ये टेम्सच्या काठी, आइल ऑफ डॉग्जवर, मुरंब्या-जॅमच्या कारखान्यातल्या कामगारांनी तो काढला. १९१० मध्ये तो नदी ओलांडून न्यू क्रॉसला आला. मैदानाचं नाव ‘द डेन’, म्हणजे सिंहाची गुहा, आणि पत्ता कोल्ड ब्लो लेन. प्रेक्षक गोदीतले. पाहुण्या संघाला तिथे जिंकणं महाकठीण होतं: १९६४ पासून सलग ५९ लीग सामने मिलवॉल घरच्या मैदानावर हरला नव्हता. ती मालिका जानेवारी १९६७ मध्ये प्लिमथने तोडली. डन्फी गेला त्याच हंगामात मिलवॉल तिसऱ्यातून दुसऱ्या विभागात चढला. ज्या यॉर्कमधून तो आला होता तो क्लब त्याच वर्षी चौथ्यात घसरला. जाणकारांनी याला डन्फीचं नशीब म्हणावं, पण पुढचा हिशेब पाहता ते नशीब तेवढ्यापुरतंच होतं.

गोदीतल्या माणसांना राबणारा, अंगावर जाणारा खेळाडू आवडायचा. डावा बचावपटू हॅरी क्रिप्स हे त्यांचं दैवत. मधल्या फळीतला बारीक चणीचा डन्फी डोकं वर ठेवून छोटे, अचूक पास देणारा. त्याच्यावर प्रेक्षकांचं प्रेम बेतानेच बसलं, आणि चेंडू गमावला की शिव्या ठरलेल्या. या काळात त्या वस्तीचंही दिवाळं निघत होतं. जवळचे सरे डॉक्स १९७० मध्ये बंद झाले. शनिवारी गुहेत आरडाओरडा करणाऱ्या कितीतरी माणसांचं सोमवारचं काम गेलेलं होतं. मैदानातले खेळाडू आणि कठड्यामागचे प्रेक्षक दोघेही मजूरच होते, हे डन्फी विसरला नाही. त्याच्या लिखाणाला धार आली ती इथून.

वाचकाने एक दिवस जवळून पाहावा: २२ एप्रिल १९७२. दुसऱ्या विभागातून त्या वेळी फक्त दोन क्लब वर जात. नॉर्विच जवळजवळ पोचलं होतं; दुसऱ्या जागेसाठी मिलवॉल आणि बर्मिंगहॅम. पहिल्या विभागात मिलवॉल तोवर कधीच खेळलं नव्हतं. त्या दिवशी घरच्या मैदानावर मिलवॉलने प्रेस्टनला २-० हरवलं. सामना चालू असतानाच प्रेक्षकांत बातमी पसरली की बर्मिंगहॅम शेफिल्डमध्ये हरतंय. शिट्टी वाजली आणि हजारो लोक मैदानात घुसले, खेळाडूंना खांद्यावर घेतलं, आयुष्यभर वाट पाहिलेला क्षण साजरा केला. मग खरी बातमी आली. बर्मिंगहॅम २-१ जिंकलं होतं. त्यांचा एक सामना बाकी होता, तोही लंडनमध्येच, ओरिएंटविरुद्ध. २ मे रोजी मिलवॉलचे लोक तिथे ओरिएंटला पाठिंबा द्यायला गेले. बर्मिंगहॅम १-० जिंकलं. अंतिम तक्त्यात नॉर्विच ५७, बर्मिंगहॅम ५६, मिलवॉल ५५. पुढे १९७३-७४ च्या हंगामापासून नियम बदलला आणि तीन क्लब वर जाऊ लागले. मिलवॉल पहिल्या विभागात गेलं ते १९८८ मध्ये. डन्फीचं खेळणं तेव्हा कधीच संपलं होतं.

नियम बदलला त्याच १९७३-७४ च्या हंगामात डन्फीने रोजनिशी लिहायला घेतली. पीटर बॉल यांनी तिच्या संपादनाला हातभार लावला. हंगामापूर्वीच्या सरावापासून ती सुरू होते. उन्हाळ्यात सगळेच क्लब विजेते असतात. मिलवॉललाही वाटत होतं, या वर्षी तिसरा क्रमांकही पुरे. मग सामने सुरू होतात, पराभव येतात, मॅनेजर बेनी फेंटन संघ हलवू लागतात आणि एक दिवस डन्फीलाच डच्चू मिळतो. रोजनिशीचा खरा कस इथून लागतो. संघाबाहेर बसलेला खेळाडू प्रेक्षागारातून आपल्याच मित्रांचा सामना पाहतो आणि त्याला जाणवतं की ते हरावेत असं आपल्याला आतून वाटतंय, कारण ते हरले तरच आपल्याला परत बोलावतील. अशी कबुली फुटबॉलपटू सहसा छापत नसत. आपल्या जागी आलेल्या पोराला सराव करताना मदत करायची की नाही, मॅनेजरच्या नजरेला नजर द्यायची की नाही, राखीव संघाच्या सामन्यात रिकाम्या बाकांसमोर पळायचं ते कुणासाठी, असल्या प्रश्नांनी ती पानं भरली आहेत. सहकाऱ्यांची त्यात खरी नावं आहेत आणि पुस्तक आलं तेव्हा लेखक स्वतः अजून खेळत होता. याला धाडस म्हणायचं की उद्धटपणा, यावर त्याच्या व्यवसायातच दोन तट पडले.

या रोजनिशीआधी, १९७२ मध्ये, हंटर डेव्हिस या पत्रकाराने टॉटनहॅमच्या संघाबरोबर वर्षभर राहून ‘द ग्लोरी गेम’ लिहिलं होतं. ते पुस्तक चांगलंच आहे. पण डेव्हिस पाहुणा होता, आणि संघ पहिल्या विभागातला. डन्फी स्वतः त्या खोलीत कपडे बदलणारा. पाहुण्याला भांडण दिसतं, त्यामागची भीती घरच्यालाच ठाऊक असते.

त्या भीतीमागे पैशाचं गणित होतं. इंग्लंडमध्ये १९६१ पर्यंत कुठल्याही फुटबॉलपटूला आठवड्याला २० पौंडांपेक्षा जास्त पगार देता येत नसे. खेळाडूंच्या संघटनेच्या लढ्याने ती मर्यादा उठली आणि फुलहॅमच्या जॉनी हेन्सला १०० पौंड मिळू लागले. त्याची बातमी झाली. खालच्या विभागांत मात्र पगार बराचसा सामन्यात खेळण्यावर आणि जिंकण्याच्या बोनसवर हलायचा. संघाबाहेर गेलं की मान आणि पाकीट दोन्ही हलकं. शिवाय करार संपला तरी खेळाडूची नोंदणी क्लबच्या हातात. १९६३ मध्ये जॉर्ज ईस्टहॅमच्या खटल्यात न्यायालयाने या पद्धतीवर ताशेरे ओढले, पण करार संपल्यावर मोकळेपणाने जाण्याचा हक्क खेळाडूंना मिळाला तो १९७८ मध्ये, म्हणजे डन्फी इंग्लंड सोडून गेल्यानंतर. तिशीत ज्याचं काम संपणार आहे, ज्याला दुसरं काही येत नाही आणि ज्याची बदली दुसऱ्यांच्या मर्जीवर आहे, अशा माणसाला दर शुक्रवारी संघाची यादी पाहताना काय वाटत असेल, ते डन्फीने सांगितलं.

त्याच हंगामात तो मिलवॉल सोडून शेजारच्या चार्लटनला गेला. मैलांत अंतर थोडं, पण चार्लटन एक विभाग खाली. त्याला घेणारे मॅनेजर थिओ फोली हेही डब्लिनचेच. तिथून १९७५ मध्ये तो आणखी एक पायरी खाली, चौथ्या विभागात, रेडिंगला गेला. तिथेही मॅनेजर आयरिश, कॉर्कमध्ये जन्मलेले चार्ली हर्ली, ज्यांनी स्वतःची सुरुवात मिलवॉलमध्ये केली होती. परक्या देशात आयरिश माणसाने आयरिश माणसाला हात देण्याची ही साखळी या पुस्तकात वारंवार भेटेल. रेडिंगमध्ये त्याच्याबरोबर रॉबिन फ्रायडे खेळायचा. दैवी पाय आणि बेफाम आयुष्य असलेला हा आघाडीपटू १९९० मध्ये, चाळिशीही न गाठता गेला. १९७६ मध्ये रेडिंग तिसऱ्या विभागात चढलं आणि पुढच्याच वर्षी परत खाली आलं. इंग्लंडमधला डन्फीचा हिशेब इथे मिटला.

१९७७ मध्ये जाइल्सने त्याला डब्लिनला बोलावलं. शॅमरॉक रोव्हर्स हा क्लब पूर्ण वेळ व्यावसायिक करायचा, आयरिश मुलांना आयर्लंडमध्येच घडवायचं, पंधराव्या वर्षी त्यांना बोटीत बसवायची वेळ येऊ द्यायची नाही, असा जाइल्सचा बेत होता. १९७८ मध्ये रोव्हर्सने आयर्लंडचा एफएआय कप जिंकला. पण पैसा आणि प्रेक्षक दोन्ही अपुरे पडले, डन्फी लवकरच वैतागून बाहेर पडला आणि लेखणीकडे वळला. १९८७ मध्ये रोव्हर्सचं ग्लेनमॅल्यूर पार्क हे मैदानही गेलं.

या पुस्तकात डन्फीची आरती केलेली नाही, हे मला आवडलं. समीक्षक म्हणून तो अनेकदा अन्यायाने बोलला, चांगल्या खेळाडूंना त्याने सवंग शब्दांत झोडपलं, मतं बदलली आणि बदलल्याचं कबूल केलं नाही. लेखकाने ते लपवलेलं नाही. पण १९९० मध्ये पेन फेकणाऱ्या माणसाचा राग समजून घ्यायचा तर त्याची मिलवॉलमधली वर्षं माहीत हवीत. चेंडू जमिनीवर ठेवून विचाराने खेळणं ही त्याची खालच्या विभागातली मजुरी होती. त्यासाठी त्याने शिव्या खाल्ल्या आणि जागा गमावली. तेच कसब विश्वचषकात उधळलेलं पाहून त्याचा तोल गेला. मला तो राग पटत नाही, पण कळतो.

मराठी वाचकाला क्रीडाचरित्र म्हटलं की शतकं, पदकं आणि शेवटी सत्कार एवढंच वाचायची सवय आहे. त्या सवयीने हे पुस्तक उघडलं तर हाती फारसं लागणार नाही. खेळ हे ज्याचं रोजचं काम आहे, त्याच्या कामाचं वर्णन म्हणून ते वाचावं. पगार, जागा, दुखणं, वरिष्ठांची मर्जी आणि सहकाऱ्यांचा हेवा यांचं इतकं प्रामाणिक वर्णन कुठल्याही नोकरदाराला ओळखीचं वाटेल.

आणखी एक गोष्ट. ब्रिटन युरोपीय संघातून बाहेर पडल्यामुळे २०२१ पासून इंग्लिश क्लबांना अठरा वर्षांखालचा आयरिश खेळाडू घेता येत नाही. ज्या वाटेने पंधरा वर्षांचा डन्फी गेला, ती वाट कायद्यानेच बंद झाली आहे. आयर्लंडच्या क्लबांना आता आपली मुलं स्वतःच घडवावी लागतात, म्हणजे १९७७ मध्ये जाइल्सने सुरू केलेलं जे काम अर्धवट राहिलं ते सगळ्या देशावर येऊन पडलं आहे. ते त्यांना जमेल की नाही ते पुढे कळेल. त्या वाटेवरून जाणाऱ्या मुलांना काय मिळत होतं आणि त्याची किंमत काय होती, हे समजून घ्यायला मात्र डन्फीच्या या बारा वर्षांइतका दुसरा चांगला दाखला नाही. वाचकांनी तो शांतपणे, तक्त्यातले क्रमांक बाजूला ठेवून वाचावा, एवढीच विनंती.